आमदारांची बातमी पानावर येते कशी? प्रेसनोट, फ्लेक्स, बाइट आणि बूस्ट

तळटीप (धागाकर्ता)

कुठल्याही मराठी दैनिकाचं तालुका पान काढा. वर भूमिपूजन, मधे सांत्वनपर भेट, खाली आढावा बैठकीत अधिकाऱ्यांना ‘खडे बोल’. तिन्ही ठिकाणी चेहरा एकच. ते बोल नेमके कोणते, कुठल्या अधिकाऱ्याला, त्यावर तो काय म्हणाला, यातलं काहीच मजकुरात नसतं. दुसऱ्या दैनिकात तीच बातमी, तेच शब्द, फक्त ‘प्रतिनिधी’च्या जागी ‘वार्ताहर’.

यावर ‘सगळे विकले गेलेत’ म्हणून विषय संपतो. मला तेवढ्यावर थांबायचं नाही. हा मजकूर टाइप कोण करतं, पानात कोण लावतं, पैसे कुठल्या टप्प्यावर येतात, कुठे येतच नाहीत, आणि निवडणुकीत कायदा नेमका कुठे हात घालतो, हे माहीतगारांकडून हवंय. पक्षावरून हाणामारी नको, त्यासाठी दुसरे धागे दुथडी भरून वाहताहेत.

बोरूबहाद्दर

सुरुवात पैशांपासून करू नका, फसाल. तालुका पानावरच्या अशा बऱ्याच बातम्या फुकट छापल्या जातात. पान रोज भरायचं असतं आणि आमदारांचा स्वीय सहायक तयार मजकूर देतो. बाकी कोणी देत नाही, इतकं साधं आहे ते.

चांगली प्रेसनोट बातमी म्हणूनच लिहिलेली असते. ‘मी’, ‘आम्ही’ कुठेही नाही. पहिल्या वाक्यात ‘असे प्रतिपादन आमदार अमुक यांनी केले’, दुसऱ्यात प्रसंग आणि गाव, मग निधीचा आकडा, शेवटी ‘यावेळी अमुक, तमुक आदी उपस्थित होते’. लांबी दीडशे ते दोनशे शब्द. जास्त झाली की उपसंपादक खालून कापतो आणि खाली असते उपस्थितांची यादी. म्हणून ज्यांचं नाव छापून यायलाच हवं त्यांना ‘आदी’च्या भरवशावर ठेवत नाहीत. दुसऱ्याच वाक्यात ‘अध्यक्षस्थानी’ म्हणून बसवून टाकतात.

वेळ फार महत्त्वाची. गावोगाव जाणारी डाक आवृत्ती आधी सुटते, त्यामुळे तालुक्याची पानं संध्याकाळीच बंद होतात. चारपर्यंत आलेली नोट बसते. सातला आलेली दुसऱ्या दिवशी शिळी. म्हणून सकाळी ११ चं उद्घाटन असेल तर नोट आदल्या रात्रीच तयार असते, कार्यक्रम झाला की फोटो जोडून सोडायची. घोटाळा इथेच होतो. पाहुणे आलेच नाहीत आणि त्यांचं ‘मार्गदर्शन’ मात्र दुसऱ्या दिवशी छापून आलं, हे असंच घडतं. शहाणा सहायक आदल्या रात्रीच्या नोटमधे उपस्थितांची ओळ कोरी सोडतो.

आता तुमचे खडे बोल. अधिकाऱ्याचं नाव घातलं की बातमीदाराला त्याला फोन करावा लागतो, दुसरी बाजू घ्यावी लागते, तोवर पान सुटतं. ‘कामचुकारपणा खपवून घेणार नाही’ याला दुसरी बाजूच नसते. त्यामुळे असं वाक्य विनाअडथळा शेवटपर्यंत जातं. प्रेसनोट लिहिणाऱ्याला हे पक्कं ठाऊक असतं.

खिळेजुळारी

वरच्यात पानाच्या बाजूने थोडी भर.

मजकूर युनिकोडमधे, व्हॉट्सॲपवर साधा टेक्स्ट म्हणून आला तर पाच मिनिटांत पानात बसतो. पीडीएफ आली, किंवा लेटरहेडचा फोटो आला, तर कोणीतरी ते पुन्हा टाइप करायला हवं. संध्याकाळी साडेपाचला तो ‘कोणीतरी’ रिकामा नसतो. जुन्या फॉन्टमधली फाइल तर सर्वांत वाईट. युनिकोडमधे बदलताना रफार आणि जोडाक्षरं फुटतात आणि साहेबांच्या आडनावाचाच चुथडा होतो. अमक्याची प्रत्येक बातमी लागते, तमक्याची लागत नाही, यामागे बऱ्याचदा विचारसरणी वगैरे नसून एवढंच असतं.

फोटोबद्दल एक गैरसमज आहे. व्हॉट्सॲपवर फोटो लहान होतो म्हणून छापण्यालायक राहत नाही, असं म्हणतात. साधा पाठवला तर लांब बाजू साधारण १६०० पिक्सेलवर येते. तीन कॉलमी फोटो जेमतेम १२ सेंटिमीटर रुंद असतो आणि वृत्तपत्री कागदाला २०० डीपीआय पुरतं, म्हणजे साडेनऊशे पिक्सेल झाले तरी भागतं. आकार पुरतो, दर्जा जातो. दर वेळी नव्याने दाबला गेला की चेहऱ्यांवर चौकोन उमटतात. त्यात कोणी स्क्रीनशॉट काढून पुढे ढकलला असेल तर संपलंच. म्हणून फोटो ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवतात.

फोटोओळ डावीकडून उजवीकडे, आडनावासह, आणि त्याच मेसेजमधे हवी. फोटो एकीकडे आणि ओळ दुसऱ्या ग्रुपवर गेली की माजी सरपंचांच्या जागी विद्यमान सरपंच छापले जातात. मग खुलासा आणि खुलाशाची जागा.

आणखी एक. वीस जण रांगेत उभे असलेला फोटो उपसंपादक दोन्ही बाजूंनी कापतो. कुठून कापला तरी आपण राहावं म्हणून अनुभवी नेता फीत कापताना कधी कडेला नसतो. कात्रीची मूठ त्याच्याच हातात असते.

कोपऱ्यातला

खिळेजुळारी, तो कात्रीच्या मुठीचा मुद्दा _/\_. आता प्रत्येक उद्घाटनाच्या फोटोत तेच दिसणार.

अवांतर: ‘कार्यसम्राट’ ही पदवी कोण देतं?

बोरूबहाद्दर

@कोपऱ्यातला, फ्लेक्सचा डिझायनर. जुन्या फाइलमधे ती आधीच टाइप केलेली असते, खालचं नाव बदलतात.

@खिळेजुळारी, आता पैशांकडे येतो. तालुक्याच्या बातमीदाराला मानधन तुटपुंजं, बहुतेकांना पगार असा नाहीच. त्याच्याकडे जाहिरातीचं टार्गेट मात्र असतं आणि तो जगतो जाहिरातीच्या कमिशनवर. म्हणजे आमदारांच्या वाढदिवसाची पुरवणी मागायला जाणारा आणि आमदारांच्या विरोधातली बातमी करू शकणारा माणूस एकच. तिथे वेगळी लाच द्यावी लागत नाही. वर्षातून तीनचार वेळा, वाढदिवस, दिवाळी, १५ ऑगस्ट, वर्धापनदिन, पाव पान दिलं की उरलेलं वर्ष शांततेत जातं. विरोधी बातमी ‘थांबवली’ जाते असंही नाही. ती सुचतच नाही.

हे सगळं कायदेशीर आहे, पावतीसकट. पेड न्यूज म्हणतात ते याच्या पुढचं प्रकरण.

कलम१२७अ

पेड न्यूजबद्दल लोकांच्या डोक्यात दोन गोष्टींची सरमिसळ असते, म्हणून जरा सविस्तर.

पैसे घेऊन बातमी छापणं हा लोकप्रतिनिधित्व कायदा १९५१ मधे स्वतंत्र गुन्हा नाही. निवडणूक आयोग पकडतो तो खर्चाच्या बाजूने. कलम ७७ प्रमाणे उमेदवाराने उमेदवारी अर्ज भरल्यापासून निकालापर्यंतचा खर्च नोंदवायचा. जानेवारी २०२२ पासून महाराष्ट्रात विधानसभेला मर्यादा ४० लाख, लोकसभेला ९५ लाख. निकालानंतर ३० दिवसांत हिशेब सादर करायचा. बातमी पेड ठरली की तिची किंमत जाहिरातीच्या दराने काढून त्या हिशेबात चढवतात. हिशेब ठरलेल्या रीतीने दिला नाही असं ठरलं तर कलम १०अ, तीन वर्षं अपात्र.

प्रक्रिया अशी. जिल्ह्यात माध्यम प्रमाणन व संनियंत्रण समिती असते, ती रोजची कात्रणं आणि चॅनेल पाहते. संशयित बातमी सापडली की निवडणूक निर्णय अधिकारी प्रसिद्धीपासून ९६ तासांत उमेदवाराला नोटीस देतो. उमेदवाराने ४८ तासांत उत्तर द्यायचं, गप्प बसला तर समितीचा निर्णय अंतिम. उत्तर पटलं नाही आणि निर्णय विरोधात गेला तर उमेदवाराने ४८ तासांत राज्यस्तरीय समितीकडे दाद मागायची, तिने ९६ तासांत निकाल द्यायचा, पुढे आणखी ४८ तासांत आयोगाकडे.

उमेदवार उत्तरात काय म्हणतो? ‘वृत्तपत्राने आपणहून छापली, मी पैसे दिले नाहीत.’ वृत्तपत्र म्हणतं, ‘ही आमची बातमी आहे.’ पावती नसते, व्यवहार रोख. मग समितीकडे उरतात फक्त खुणा: दोन स्पर्धक दैनिकांत एकाच सुमाराला शब्दशः सारखा मजकूर, वर बातमीदारांची नावं वेगळी. किंवा एकाच पानावर दोन बातम्या, दोन्ही उमेदवार ‘प्रचंड मतांनी’ विजयी होणार. ही दुसरी खूण पाहिली की हसू येतं, पण ती खरोखर सापडते. दोघांनीही बातम्यांचं पॅकेज विकत घेतलेलं असतं.

ढालगज

कागदावर छान. निकाल काय लागले तेही लिहा की. २००९ च्या विधानसभेला भोकरमधून तेव्हाचे मुख्यमंत्री अशोक चव्हाण उभे होते. तीन मराठी दैनिकांत तोच मजकूर शब्दशः आल्याचं पत्रकार पी. साईनाथ यांनी ‘द हिंदू’मधे दाखवलं. चव्हाणांच्या हिशेबात वृत्तपत्र जाहिरातींवरचा खर्च होता ५,३७९ रुपये आणि केबल टीव्हीवरचा ६,०००. आयोगाने २०१४ च्या जुलैमधे हिशेब रीतसर नसल्याचं म्हणत नोटीस काढली आणि सप्टेंबरमधे दिल्ली उच्च न्यायालयाने ती रद्द केली. पाच वर्षं गेली, हाती शून्य.

प्रेस कौन्सिल म्हणजे वृत्तपत्रांच्या वागण्यावर देखरेख ठेवणारी संस्था. तिच्या उपसमितीचा पेड न्यूजवरचा ७१ पानी अहवाल २०१० चा. त्यात वृत्तपत्रांची नावं होती म्हणून कौन्सिलनेच तो गुंडाळून छोटा अहवाल स्वीकारला. मूळ अहवाल संकेतस्थळावर यायला २०११ उजाडलं, तेही केंद्रीय माहिती आयोगाचा आदेश आल्यावर. स्वतःची नावं छापायची वेळ आली की सगळ्यांचाच कागद संपतो.

कलम१२७अ

@ढालगज, निम्मं सहमत. उत्तर प्रदेशातल्या बिसौलीच्या आमदार उमलेश यादव यांना आयोगाने ऑक्टोबर २०११ मधे तीन वर्षांसाठी अपात्र ठरवलं ते याच कलम १०अ खाली, २००७ च्या निवडणुकीतल्या दोन हिंदी दैनिकांमधल्या मजकुरासाठी. रक्कम काही हजारांचीच होती. फरक कुठे पडला? तिथे हरलेल्या उमेदवाराने आधी प्रेस कौन्सिलकडे तक्रार करून ‘ही जाहिरातच आहे’ असा निर्णय मिळवला होता. तो कागद घेऊन तो आयोगाकडे गेला. तक्रार करायची असेल तर हाच क्रम ठेवा. फेसबुकवर कात्रण टाकून काही होत नाही.

पण खरं भगदाड वेगळंच आहे. कलम ७७ चं घड्याळ अर्ज भरल्यावर सुरू होतं. त्याआधीची वर्षभराची पुरवणी, यात्रा, फ्लेक्स, रील, आरोग्य शिबिरं उमेदवाराच्या हिशेबात येतच नाहीत. म्हणून जाणकार नेता प्रतिमेवरचा मोठा खर्च अर्जाच्या आदल्या दिवसापर्यंत उरकतो. मग ‘निवडणुकीत अवघे वीस लाख लागले’ हे त्याचं म्हणणं कागदोपत्री खरंही असतं.

आणखी दोन कामाच्या गोष्टी. टीव्ही, केबल, रेडिओ, चित्रपटगृह, बल्क एसएमएस, सोशल मीडिया, सगळ्या जाहिरातींना आधी प्रमाणपत्र लागतं. पक्ष आणि उमेदवार यांनी किमान ३ दिवस आधी अर्ज करायचा, इतरांनी ७ दिवस. छापील जाहिरातीला ते फक्त मतदानाच्या दिवशी आणि आदल्या दिवशी लागतं. आणि माझं टोपणनाव ज्यावरून घेतलंय ते कलम: प्रचाराच्या पत्रकावर मुद्रक आणि प्रकाशक दोघांचं नाव-पत्ता हवा, नसेल तर ६ महिन्यांपर्यंत कैद किंवा २,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. रात्री दाराखाली सरकवलेल्या निनावी पत्रकांसाठी हे आहे. ती पत्रकं लिहिणाऱ्याला कलम माहीत असतं, म्हणूनच तर ती निनावी असतात.

(महापालिका, झेडपीला भारत निवडणूक आयोग नाही, राज्य निवडणूक आयोग. मर्यादा आणि आदेश वेगळे. इथले आकडे तिकडे लावू नका.)

बूमवाला

छापील माध्यमावर बरंच झालं. टीव्हीचं गणित उलटं आहे. तिथे शब्द नाही, सेकंद मोजतात.

बाइट वापरला जातो १५ ते २० सेकंदांचा. नेता सात मिनिटं बोलला तर कुठली वीस सेकंदं घ्यायची ते डेस्क ठरवतं आणि त्यातला वादाचाच तुकडा उचलतं. ज्याला हे कळतं तो एकच वाक्य तीन प्रश्नांना उत्तर म्हणून तीनदा देतो. दुसरं म्हणजे प्रश्न कापला जातो, म्हणून उत्तरात विषयाचं नाव यायला हवं. ‘हो, ते चुकीचंच आहे’ हा बाइट निरुपयोगी. ‘कांद्यावरची निर्यातबंदी चुकीची आहे’ हा दिवसभर चालतो.

मागचा पडदा पाहिलाय? पक्षाचं चिन्ह मोठं एकच न ठेवता लहान लहान, तिरक्या ओळींत छापतात. कॅमेरा कितीही जवळ आला तरी कानाशेजारी एक चिन्ह पूर्ण दिसतंच. बारीक चौकडीचा शर्ट घालत नाहीत, पडद्यावर तो झिरमिळतो. उन्हात उभं राहायचं तर सूर्य पाठीशी नको, चेहरा काळा पडतो.

वेळेचा सगळ्यांत पक्का वापर संजय राऊतांचा. रोज सकाळी दहाच्या आत माध्यमांशी बोलायचं. त्या वेळी चॅनेलच्या हातात ताजं काही नसतं, त्यामुळे तो बाइट दुपारपर्यंत फिरतो आणि बाकीच्या पक्षांचे प्रवक्ते त्यावर प्रतिक्रिया देण्यात अर्धा दिवस घालवतात. आशय पटो न पटो, दिवसाचा विषय ठरतो तो तिथे. विरोधक ‘भोंगा’ म्हणून चेष्टा करतात आणि त्याच भोंग्यावर बाइट देतात.

माइकचं मात्र भान हवं. सप्टेंबर २०२३ मधे मराठा आरक्षणावरच्या पत्रकार परिषदेआधी तेव्हाचे मुख्यमंत्री एकनाथ शिंदे आणि दोन्ही उपमुख्यमंत्री आपसात बोलत होते, माइक चालू होते, तेवढाच तुकडा राज्यभर फिरला. संदर्भ तोडून दाखवल्याचा खुलासा शिंदे यांनी केला, पण खुलाशाला ती गती कधीच येत नाही. टेबलावरचे बूम, म्हणजे माइक, हे चॅनेलचे असतात, ते बंद करणं यजमानाच्या हातात नसतं. म्हणून नियम एकच. खुर्चीत बसण्याआधी बोलून घ्या, बसल्यावर फक्त पाणी प्या.

तळटीप

भन्नाट माहिती येतेय. एक शंका: नियोजन पक्कं, पैसे आहेत, एजन्सी आहे, तरी प्रतिमा उलटते ती कशी?

खिळेजुळारी

याला १३ जून २०२३ च्या पानासारखं उदाहरण नाही. मराठी दैनिकांच्या पहिल्या पानावर पूर्ण पान जाहिरात: ‘राष्ट्रामध्ये मोदी, महाराष्ट्रामध्ये शिंदे’. खाली सर्वेक्षण. मुख्यमंत्री म्हणून एकनाथ शिंदे यांना २६.१ टक्के पसंती, देवेंद्र फडणवीस यांना २३.२ टक्के.

पान म्हणून बघा. आकडा छोटा, फरक जेमतेम तीन टक्के, पण शेजारी शेजारी ठेवला की तो तुलना होतो. ज्यांच्या १०५ आमदारांवर सरकार उभं त्या पक्षाच्या राज्यातल्या नेत्याचा फोटोच नाही, आकडा मात्र आहे, तोही कमी. बाळासाहेबांचाही फोटो नाही, म्हणजे ‘खरी शिवसेना आम्हीच’ म्हणणाऱ्यांनी विरोधकांना आयतं कोलीत दिलं. पूर्ण पान जाहिरातीत जे नसतं तेच वाचक आधी मोजतो. जागा अपुरी होती अशी सबब देताच येत नाही.

जाहिरात हितचिंतकाने दिल्याचं पक्षाकडून सांगितलं गेलं. दुसऱ्याच दिवशी नवं पूर्ण पान: बाळासाहेब, आनंद दिघे, शिंदे-फडणवीस एकत्र, शिंदे गटाचे मंत्री खाली ओळीने. चूक निस्तरायला पुन्हा तितकीच जागा विकत घ्यावी लागली. आणि पहिल्याची चर्चा थांबायच्या ऐवजी दोन जाहिराती शेजारी लावून ‘फरक ओळखा’ सुरू झालं.

तांत्रिक चूक एकच होती असं माझं मत. मजकूर तपासला गेला असेल, शुद्धलेखनही, पण युतीतल्या दुसऱ्या पक्षाच्या डोळ्यांनी पान कोणी पाहिलं नाही. एजन्सी गिऱ्हाइकाच्या डोळ्यांनीच बघते.

बोरूबहाद्दर

सहमत. २०२४ मधे हाच तिढा योजनेच्या नावावरून झाला. ‘मुख्यमंत्री माझी लाडकी बहीण’ मधला ‘मुख्यमंत्री’ अजित पवार गटाच्या प्रचारात गळायचा, आणि मित्रपक्ष हरकत घ्यायचे. नाव लांब म्हणून कापलं असं कोणालाच वाटलं नाही. त्याच वर्षी अजित पवारांनी एजन्सीच्या सल्ल्याने गुलाबी जॅकेट आणि गुलाबी फलक धरले. रंग हे सर्वांत स्वस्त साधन, फोटोत दुरून ओळखू येतं. मात्र तो सगळ्यांनी, सगळीकडे, महिनोन्‌महिने पाळावा लागतो. नेता गुलाबी आणि मंचावरचे बाकीचे पांढरे, असं झालं की पेहराव वाटतो, ओळख नाही.

याच्या उलट टोक म्हणजे १८ ऑक्टोबर २०१९, साताऱ्याची शरद पवारांची पावसातली सभा. छत्री नाही, ओला शर्ट, समोर लोक खुर्च्या डोक्यावर धरून. मतदान २१ ला, म्हणजे १९ ला संध्याकाळी जाहीर प्रचार बंद. त्या फोटोला उत्तर देणारी सभा घ्यायला समोरच्याकडे एक दिवसही पुरता नव्हता, आणि लोकांचे आपसातले फॉरवर्ड थांबत नाहीत. साताऱ्याची पोटनिवडणूक श्रीनिवास पाटील यांनी जिंकली. एका फोटोने जिंकली असं म्हणणारे फोटो विकायला बसलेले असतात, तिकडे दुर्लक्ष करा. पण वेळ अशी जुळली होती एवढं खरं.

ढालगज

आणि नोव्हेंबर २००८? मुंबईवरच्या हल्ल्यानंतर ताज पाहायला गेलेले मुख्यमंत्री विलासराव देशमुख, सोबत मुलगा रितेश आणि रामगोपाल वर्मा. पाहणी करणं चूक नव्हतं, चौकटीत मागे कोण चालतंय ते कोणी पाहिलं नाही. चार दिवसांत मुख्यमंत्रिपद गेलं.

खिळेजुळारी

फक्त त्यामुळे गेलं नाही, हल्ल्याची जबाबदारी होतीच. गृहमंत्री आर. आर. पाटील यांचंही पद गेलं. पण लोकांच्या लक्षात ती फ्रेम राहिली, हे मान्य. दुर्घटनास्थळी जाताना सोबत किती आणि कोण, हा प्रश्न तेव्हापासून कुठलाही बरा सहायक आधी विचारतो. आपत्तीत हसरा फोटो आणि मदतीच्या पाकिटावर नेत्याचा स्टिकर, या दोन गोष्टींना माफी नाही. तरी दर पुरात कोणीतरी स्टिकर छापतंच.

रांगोळी

डिजिटलबद्दल कोणी लिहिलं नाही म्हणून मी.

‘अमुक भाऊ समर्थक’, ‘आपला तालुका अपडेट’ अशी पानं कोणाची, ते फुकट तपासता येतं. मेटाच्या ॲड लायब्ररीत देश भारत, प्रकार ‘निवडणूक आणि राजकारण’, आणि पानाचं नाव. भारतात राजकीय जाहिरात देणाऱ्याला २०१९ पासून ओळख पटवून ‘पैसे कोणी दिले’ ही ओळ लावावी लागते, आणि अशा जाहिराती सात वर्षं तिथे राहतात. खर्चाचा पल्ला, किती वेळा दिसली, कुठल्या वयाला, कुठल्या राज्यात, सगळं. ‘निष्क्रिय’ जाहिरातीही बघा, खरी मजा तिथे असते. मग पानाच्या ‘पारदर्शकता’ विभागात जा: पान कधी बनलं आणि आधी नाव काय होतं. रेसिपीचं किंवा भक्तिगीतांचं पान अनुयायी गोळा करून नाव बदलून बातम्यांचं झालेलं सर्रास सापडतं.

यात दोन भोकं आहेत. एक, बूस्ट करताना, म्हणजे पैसे भरून पोस्ट जास्त लोकांना दाखवताना, ‘राजकीय’ अशी खूणच केली नाही तर मेटाच्या लक्षात येईपर्यंत ती साधी जाहिरात म्हणून चालते आणि थांबल्यावर लायब्ररीतून गायब. दोन, रील बनवणाऱ्याला थेट पैसे दिले तर मेटाला कळायचं कारणच नाही. ते ओळखायचं मजकुरावरून. एकाच आठवड्यात दहा वेगवेगळ्या खात्यांवर तोच पूल, तोच ड्रोन शॉट, आणि ‘मित्रांनो, आपल्या तालुक्यात हे झालंय माहितीये का?’ हीच सुरुवात. ड्रोनचं चित्रीकरण दहा जणांनी स्वतंत्र केलेलं नसतं, एका ड्राइव्ह फोल्डरची लिंक सगळ्यांना गेलेली असते.

उमेदवाराला आपली सोशल मीडिया खाती फॉर्म २६ च्या शपथपत्रात लिहावी लागतात, आणि ती सांभाळणाऱ्या पोरांचा पगार खर्चात धरायचा असतो. समर्थकांची पानं शपथपत्रात नसतात. म्हणून पैसा तिकडे.

कोपऱ्यातला

फ्लेक्स राहिला!

बोरूबहाद्दर

फ्लेक्सवर थोडक्यात, कारण तो माध्यम कमी आणि हजेरीपत्रक जास्त. वरच्या पट्टीत राज्य-देशाचे नेते, मधे उत्सवमूर्ती, खाली गोलांत शुभेच्छुक. खर्च बहुधा खालच्या गोलांचा. वरच्या पट्टीतून एक चेहरा गेला की ‘नाराजीच्या चर्चांना उधाण’ ही बातमी होते, म्हणून कधी कधी तो मुद्दामच काढतात. ही फुकटची प्रसिद्धी.

परवानगीचा क्रमांक आणि मुदत फलकावर नसेल तर तो बेकायदा समजा. १९९५ चा मालमत्ता विद्रूपणाचा कायदा आहे, मुंबई उच्च न्यायालयाचा जानेवारी २०१७ चा निकाल आहे. सरकारी पैशांच्या जाहिरातींचं वेगळं: सर्वोच्च न्यायालयाने मे २०१५ मधे फोटो राष्ट्रपती, पंतप्रधान, सरन्यायाधीश यांच्यापुरते ठेवले होते, मार्च २०१६ मधे राज्यपाल, मुख्यमंत्री आणि संबंधित खात्याचे मंत्री यांनाही मुभा मिळाली. नऊ-दहा महिन्यांची काय ती शांतता.

तळटीप

एक पान समोर धरून विचारतो. ‘विकासाचा ध्यास घेतलेले नेतृत्व’ हा मजकूर, चार कॉलम रुंद, २५ सेंटिमीटर उंच, प्रचाराच्या काळातला. ‘जाहिरात’ शब्द नाही. अक्षर बाकीच्या पानापेक्षा किंचित वेगळं. याची किंमत समिती कशी लावेल?

कलम१२७अ

चार कॉलम म्हणजे साधारण १६ सेंटिमीटर. १६ गुणिले २५, ४०० चौरस सेंटिमीटर. त्या आवृत्तीचा लागू सरकारी दर चौरस सेंटिमीटरला समजा १५० रुपये, तर ६० हजार. रंगीत असेल तर त्याचा दर वेगळा. हाच मजकूर आणखी दोन दैनिकांत असेल तर तिघांची बेरीज.

खिळेजुळारी

अक्षर वेगळं असण्याचं कारणही सांगतो. तो मजकूर संपादकीय पानाच्या साच्यात बसवलेला नाही, जाहिरात विभागाकडून तयार चौकट आली आणि तशीच्या तशी डकवली. भिंगाने बघा, चौकटीच्या कडेला केसाएवढी रेघ असते. बातमीला ती नसते. आणि मजकुराच्या शेवटच्या ओळीखाली, उजवीकडे, अगदी बारीक अक्षरांत ‘प्रायो.’ (प्रायोजित) असं काही आहे का?

तळटीप

रेघ आहे. शेवटी ‘प्रायो.’ नाही, पण घडीच्या आत एक बारीक क्रमांक आहे, तीन अंक आणि एक इंग्रजी अक्षर.

खिळेजुळारी

जाहिरात विभागाचा बुकिंग क्रमांक असावा, काढायचा राहिला. पान जपून ठेवा, पूर्ण, घडीसकट. कात्रण कापलंत तर तारीख आणि आवृत्ती दोन्ही जातील.